मागील भागाचे इतिवृत्त कायम करणे

माझ्या बहिणीच्या सासऱ्यांना कोणतीही गोष्ट पटवून देता येते, असं मी ज्या दिवशी बोललो त्या दिवशी आमरसावर आडवा हात मारलेला होता, एवढं माझ्या बाजूनं नोंदवून ठेवतो. बारामतीत एका सरकारी कार्यालयात मी वरिष्ठ लिपिक आहे. तिथं माझ्या शब्दानं पंखासुद्धा हलत नाही. पण पाहुण्याच्या घरी पाटावर बसलं आणि तिसरी वाटी पुढं आली की माणसाला आपल्याला वजन आहे असं वाटू लागतं.

प्रकरण तसं लहान होतं. हे सासरे म्हणजे कळस गावचे सर्जेराव आबा. त्यांची नात राजनंदिनी, म्हणजे माझी भाची, बारावी झाली होती. तिला पुण्याला अ‍ॅनिमेशन शिकायला जायचं होतं. आबांनी ठरवलं होतं की तिनं बारामतीला शेतकीची पदवी घ्यायची आणि एसटीनं रोज जाऊन-येऊन करायचं. माझे दाजी इंद्रजित वडिलांसमोर 'व्हय' एवढंच बोलतात, आणि माझी बहीण संजीवनी तेवढंही बोलत नाही. प्रवेशाची मुदत महिनाअखेरची होती. अशा वेळी मी हात धुता धुता भाचीला म्हणालो, "आबांचं माझ्यावर सोड." पोरीनं ते खरं मानलं. लहान वयात माणसांचा मामांवर विश्वास असतो.

आबांविषयी थोडं सांगितलं पाहिजे. गावच्या विकास सोसायटीचे ते कित्येक वर्षं अध्यक्ष आहेत. ही सोसायटी शेतकऱ्यांना पीककर्ज आणि खत देते, आणि उरलेल्या वेळात सभा घेते. आबांना आता सभेशिवाय दुसऱ्या कुठल्या पद्धतीनं विचारच करता येत नाही. घरात वांगी करायची की दोडका, हेसुद्धा ते "कुनाची हरकत?" असं विचारून ठरवतात, आणि हरकत घ्यायला तोंड उघडायच्या आत "मंजूर" म्हणतात. कुशाबाई आक्का, म्हणजे आबांच्या मंडळी, तोवर दोडका चिरून मोकळ्या झालेल्या असतात.

अ‍ॅनिमेशनबद्दल आबांचं मत पक्कं होतं. "कारटून? त्ये बारकी पोरं जेवत न्हाईत म्हनून लावत्यात. त्याला कालिज कशाला पायजे?"

मी म्हणालो, "आबा, जपानात मोठी माणसंही बघतात. रडतातसुद्धा."

"त्यांना शेती कमी आसंल."

"एक मालिका बघा आणि मग ठरवा. एक भाग वीस-बावीस मिनिटांचा असतो."

"म्हंजी आमच्या अहवाल वाचनापरीस कमी. कुनाची हरकत? मंजूर."

मालिका राजनंदिनीनं निवडली. तिचं जपानी नाव मला आजही नीट घेता येत नाही. कळसमध्ये तिला 'दोरवाली' म्हणतात. समुद्राकाठचं एक खेडं, तिथली शाळा आणि शाळेचा रस्सीखेचीचा संघ. संघात पाच पोरं, एक पोरगी, आणि सगळी मिळून रोज हरतात. शेवट काय होतो असं मी विचारलं तर भाची म्हणाली, "मामा, आत्ताच सांगितलं तर मजा जाईल." सरकारी माणसानं न वाचता फाईल पुढं ढकलू नये, हे मला तेव्हाच आठवायला हवं होतं.

बारामतीत आमच्या इमारतीत ही बातमी आमच्या सौ.नं, सोनलनं, पसरवली. समोरच्या फ्लॅटमधले निवृत्त तलाठी म्हणाले, "म्हाताऱ्या माणसाला आधी हसवायचं आणि हसता हसता सही घ्यायची." खालच्या वहिनींचा दीर असलंच काहीतरी शिकला होता, तो आता लग्नाचे अल्बम करतो, आणि चांगला चालतो, असं त्यांनी मुद्दाम वर येऊन सांगितलं. खुद्द सोनलनं सल्ला दिला नाही. ती एवढंच म्हणाली, "घरातल्या टीव्हीचा आवाज कमी करता येत नाही तुम्हाला, आणि तुम्ही निघालात जपान दाखवायला." संसारात काही वाक्यं ऐकली नाहीत असं दाखवणं हेच शहाणपण असतं.

पहिला भाग आबांच्या ओसरीवर झाला. धारा काढून झाल्या होत्या. आबा खुर्चीत, दाजी उंबऱ्यावर, आक्का आणि संजीवनी आतल्या दाराशी. भाषा जपानी, खाली इंग्रजी पाट्या, आणि त्यांचं मराठी करून सांगायला मी. ह्या कामाचा मला मनातून अभिमान वाटत होता. पण जपानी माणूस फार भरभर बोलतो, आणि पाट्या त्याहून भरभर पुसल्या जातात. शिवाय मला प्रत्येक वाक्य शुद्ध करून सांगायची सवय आहे. थोड्या वेळानं आतून आक्कांचा आवाज आला, "पाहुणं, ती पोरं कवाच घरी गेली, तुमी आजून त्यांची भांडनंच सांगताय." मग सांगायचं काम राजनंदिनीनं घेतलं आणि माझ्या हातात रिमोट दिला. दुसऱ्या दिवशी रिमोटही घेतला.

आबांनी पहिली दहा मिनिटं हाताची घडी घातली होती. मग पडद्यावर सामना सुरू झाला आणि आबांची घडी सुटली. "आरं टाच रोव! कंबर खाली घ्या की! त्यो मागचा जाड्या नुसता उभा हाय, त्याच्या कमरंला दोर बांदा!" पोरं सपाटून हरली, चिखलात पडली. आबांनी खुर्ची पुढं ओढली. मग म्हणाले, "ह्यांना शिकवनारा बेकार हाय. उद्या काय करत्यात बगू. कुनाची हरकत?" मी राजनंदिनीकडं पाहिलं. तिचा चेहरा असा फुलला होता की मला माझाच अभिमान वाटला. हे काम दोन दिवसांत उरकेल अशी माझी खात्री झाली, आणि इथपर्यंतच मी योग्य मार्गावर होतो.

तिसऱ्या-चौथ्या दिवशी शेजारचे कुंडलिक तात्या भिंतीवरून डोकावले. तात्या सोसायटीतल्या विरोधी पॅनेलचे. आबा जे म्हणतील त्याच्या उलट म्हणायचं, ही त्यांची निष्ठा. "रोज सांजचं हितनं वरडायला ऐकू येतंय. मंडळाची गुप्त बैठक हाय का काय?" असं विचारत ते आत आले आणि बसले. त्यांना मागचा जाड्या आवडला. आबांना कप्तान पोरगी आवडली होती, त्यामुळं तात्यांना जाड्या आवडणं भागच होतं. तात्यांच्या मागून त्यांचं पॅनेल आलं, ते आलं म्हणून आबांचं पॅनेल आलं. आठवड्याभरात ओसरी भरली, अंगण भरलं, आणि संजीवनीचा मला फोन आला, "दादा, तुझी जपानी पोरं माझ्या जिवावर उठलीत. दूध पुरंना आता च्याला." मग मालिका सोसायटीच्या हॉलमध्ये हलवायचं ठरलं. एरवी तिथं खताची पोती असतात.

हॉल म्हटल्यावर टीव्ही पुरेना. प्रोजेक्टर शाळेत होता. मुख्याध्यापक म्हणाले, ग्रामपंचायतीचं पत्र आणा. ग्रामसेवक म्हणाले, पत्र देतो पण प्रयोजन काय लिहू? करमणूक लिहिलं तर वेगळी परवानगी लागते, प्रबोधन लिहिलं तर लागत नाही. "दोर वढन्यात प्रबोधन कुठलं, तुमीच सांगा." इथं मात्र माझी नोकरी कामाला आली. मी जागच्या जागी मजकूर सांगितला: 'ग्रामीण भागात सांघिक भावना वाढीस लावणेकामी.' ग्रामसेवकांनी माझ्याकडं आदरानं पाहिलं. इतक्या वर्षांत कुणी प्रथमच तसं पाहत होतं, म्हणून मी त्यांना मजकूर पुन्हा एकदा सांगितला.

पडद्याला तात्यांनी डाळिंबाच्या बागेवर टाकायचं पांढरं क्रॉप कव्हर दिलं. उन्हापासून फळ वाचवायला ते उत्तम. पडद्याला वारा लागला की जपानी पोरांचे गाल फुगत आणि बसत. कव्हर विरोधी पॅनेलचं असल्यामुळं पडदा हलला की आबांचे लोक तात्यांकडं बघत.

खरी मेख मारली ती सोसायटीच्या सचिवांनी. हॉल वापरायचा तर फलकावर नोटीस लागली पाहिजे, असं ते म्हणाले. त्यांना आयुष्यात एकच नोटीस लिहिता येते. त्यामुळं रोज संध्याकाळी फलकावर खडूनं येई: 'सभेपुढील विषय. एक, मागील सभेचे इतिवृत्त वाचून कायम करणे. दोन, दोरवालीचा पुढील भाग दाखविणे. तीन, ऐनवेळी मा. अध्यक्षांच्या परवानगीने येणारे विषय.' खाली: 'गणपूर्तीअभावी तहकूब झालेली सभा अर्ध्या तासाने त्याच ठिकाणी घेण्यात येईल.' एकदा माणसं कमी आली तेव्हा आबांनी खरोखर सभा तहकूब केली. आम्ही सगळे जागचे न हलता अर्धा तास एकमेकांकडं बघत बसलो आणि मग तीच सभा तिथंच सुरू झाली. मला त्याचं नवल वाटलं नाही. आमच्या कार्यालयातही असंच चालतं.

विषय क्रमांक एक रोज वाचला जाई, पण त्याला काम नव्हतं. कालच्या भागात काय झालं ते सगळ्यांना तोंडपाठ असे. मालिकेच्या मध्यावर आलो त्या दिवशी मात्र गंमत झाली. राजनंदिनी म्हणाली होती की आता गोष्ट वळण घेते, म्हणून मी मुद्दाम अर्धी रजा टाकून आलो होतो. दिवे मालवले, गाणं झालं, आणि पडद्यावर पहिल्या भागातला चिखल दिसू लागला. मग दुसऱ्या भागातली बस. मग तिसऱ्यातलं भांडण.

"पाहुणं, हे बगितल्यालं हाय," आबा म्हणाले.

मी राजनंदिनीकडं वळलो. ती हळूच म्हणाली, "मामा, हा उजळणीचा भाग आहे. चित्रं काढणाऱ्यांना दम खायला वेळ लागतो, म्हणून मधे एकदा जुनंच जोडून दाखवतात."

मी हे खुलासेवार सांगायला उभा राहणार, तेवढ्यात सचिवांनी चष्मा वर केला. "अध्यक्ष महाराज, विषय क्रमांक येक."

सबंध हॉलला एकदम उलगडा झाला. जपानी माणूस शिस्तीचा, हे ते ऐकून होते. पण पुढचं काम घेण्याआधी मागचं इतिवृत्त वाचून दाखवतो, इतका शिस्तीचा असेल असं त्यांना वाटलं नव्हतं. कौतुकाची कुजबुज झाली. आबा ताठ बसले. इतिवृत्त म्हटल्यावर ते नुसतं बघायचं नसतं, तपासायचं असतं. त्यांनी भाग संपेपर्यंत सगळ्यांना लक्ष द्यायला सांगितलं आणि दिवे लागल्यावर विचारलं, "कुनाची हरकत?"

ह्या प्रश्नाला त्या हॉलमध्ये कधी उत्तर आलेलं नव्हतं. त्या दिवशी कुंडलिक तात्या उभे राहिले. "माझी हाय. हरल्याल्या खेचाखेची कुठं गेल्या? जिकल्याल्या दोनच तेवढ्या दावल्या. जाड्या पडला, रडला, त्याची आई शाळंत येऊन भांडली, हे कायबी न्हाय. तोटा लपवून नफा दावायचा, ही पद्दत आमी हितं लई बगितली!"

आबांचे लोक उठले, तात्यांचे उठले, आणि जपानच्या इतिवृत्तावरून मागच्या तीन वार्षिक सभांची उणीदुणी निघाली. त्या गलक्यात बायकांच्या बाजूनं आवाज आला. "अवं, ती म्हातारी कुठं हाय?"

कुशाबाई आक्का बोलत होत्या. त्या हॉलमध्ये बायका येतात, सही करतात, पेढा घेतात आणि जातात. कुणी बोलल्याचं सचिवांनाही आठवत नव्हतं.

"कोन म्हातारी?" आबांनी विचारलं.

"भाताचं लाडू घिऊन येती ती. पोरं दमली की येती न्हवं रोज? ह्याच्यात येकदाबी आली न्हाय. तिला काढून का टाकली?"

कोण म्हातारी ते पुरुषांपैकी कुणालाच आठवेना. आबांनी निर्णय दिला की हरकती नोंदवाव्या, इतिवृत्त दुरुस्त करून पुढच्या सभेत ठेवावं, आणि दुरुस्तीस अधीन राहून पुढचा भाग आत्ताच घ्यावा. मी जपानच्या वतीनं मान हलवली.

पुढचा भाग सुरू झाला तो वेगळ्याच गाण्यानं. जुनं उड्या मारणारं गाणं गेलं होतं. आता संथ सूर, काळं पाणी, आणि पोरांचे चेहरे गंभीर. "मंडळ बदललं वाटतं," मागून कुणीतरी म्हणालं. मग समुद्र ओसरला, वाळूत गाडलेला एक जुना दोर उघडा पडला, पोरांनी तो ओढला, आणि दोराचं दुसरं टोक थेट चंद्राला बांधलेलं निघालं. तिकडून कुणीतरी उलट ओढत होतं. सामना संपला. शाळा संपली. चिखल, बस, भांडणं, सगळं संपलं.

हॉलमध्ये मग जे झालं त्याला सहकाराच्या भाषेत गदारोळ म्हणतात. "ह्यो विषय पत्रिकेवर न्हाय!" म्हणत तात्यांनी सभात्याग केला. जाताना ते पडदा घेऊन जाणार होते, पण तो उंच बांधला होता. आबा मात्र ओरडले नाहीत. तेच मला वाईट लक्षण वाटलं.

"पाहुणं," ते म्हणाले, "आमाला रस्सीखेच म्हनून बसवलं, आन चंद्रावर नेलं. मागच्या कामाची नोंद खोटी, आन म्होरलं काम पार दुसरंच. असल्या धरसोडीच्या धंद्यात माजी नात घालू? इंद्रजित, शेतकीचा अर्ज उद्याच भर."

"व्हय," दाजी म्हणाले.

राजनंदिनी प्रोजेक्टरपाशी उभी होती. ती रडली नाही. वायर गुंडाळत राहिली, आणि तीच वायर तिनं दोनदा सोडून पुन्हा गुंडाळली. मला फार लाज वाटली. मालिका तिची होती, पण शब्द मी दिला होता. आणि मग माझ्यातला वरिष्ठ लिपिक आपोआप उभा राहिला. "अध्यक्ष महाराज," मी म्हणालो, "इतिवृत्त दुरुस्त करून ठेवण्याचा निर्देश आपणच दिलाय. ते कायम होईपर्यंत त्यावर आधारित निर्णय कसा घेता येईल?"

नियम आबांचाच होता. "ऐतवारपतोर मुदत," ते म्हणाले. "सभा तहकूब." ह्या सगळ्या प्रकरणात मी केलेलं उपयोगी काम एवढंच.

दुरुस्ती करायची म्हणजे जपानला कळवायला हवं, असं सचिवांचं मत पडलं. मी कंपनीला सविस्तर ईमेल लिहिला: 'उपरोक्त विषयी सादर करण्यात येते की.' इंग्रजीत त्याचा ताठा थोडा कमी झाला, तरी विषय, संदर्भ आणि प्रत माहितीस्तव हे सगळं होतं. लगेच जपानी भाषेत उत्तर आलं. मी हरखून ते भाचीला दाखवलं. ती म्हणाली, "मामा, हे आपोआप येतं. कुणी वाचलेलं नाही." मला ते उत्तर फार ओळखीचं वाटलं.

मग तीच म्हणाली, "दुरुस्ती मीच करते."

ती आक्कांपाशी जाऊन बसली. आक्का तांदूळ निवडत होत्या, मी शेजारी चहा घेत होतो. "आज्जी, ती म्हातारी काय काय करायची गं?"

"काय करनार? यायची, लाडू वाटायची. समद्यांना येकेक दिऊन झाला की येक लाडू दगडावर येगळा ठिवायची, आन वर बगायची. दर टायमाला. तुमी समदी दोराकडं बगत व्हता."

मला ते खरं वाटलं नाही. रात्रीची वाट न बघता मी तिथंच मोबाईलवर जुने भाग काढले. खरोखर, प्रत्येक भागात, कोपऱ्यात, क्षणभर ती म्हातारी होती. दगड होता, दगडावर लाडू होता, आणि ती वर बघत होती. मी जे भाषांतर केलं होतं त्यात ती आलीच नव्हती, कारण ती कधी बोलत नसे.

"पण आज्जी, तुला कसं दिसलं?" राजनंदिनीनं विचारलं.

आक्कांनी सूप हलवलं. "जी रोज ताटं वाढती तिला कोन जेवाय आलं न्हाय त्ये पयलं दिसतं."

त्या दिवसापासून पोरगी खोलीतून जेवायलाच बाहेर येई. मी मदत करू का असं विचारलं तेव्हा तिनं मला पेन्सिलींना टोक करायला दिलं. आजकाल ही कामं स्क्रीनवर होतात आणि पेन्सिली लागत नाहीत, हे मला सगळ्या पेन्सिली करून झाल्यावर कळलं.

रविवारी हॉल असा भरला की खताच्या पोत्यांवर माणसं बसली. सभात्याग केलेले तात्या पडद्याच्या मालकीच्या नात्यानं पहिल्या रांगेत होते. सचिवांनी विषय वाचला: 'दुरुस्त इतिवृत्त सादर करणे.' दिवे मालवले.

दुरुस्ती मिनिट-दीड मिनिटाचीच होती. रेषा जपान्यांसारख्या सफाईदार नव्हत्या, थोड्या थरथरत होत्या. आधी सगळे हरलेले सामने झरझर गेले. जाड्या पडला, रडला, त्याची आई आली आणि भांडली. तात्यांनी "बरूबर" म्हणून मांडीवर थाप मारली. मग म्हातारी आली. लाडू वाटले. एक दगडावर ठेवला आणि वर पाहिलं. ह्या वेळी चित्रही तिच्याबरोबर वर गेलं. वर चंद्र होता, चंद्रावर एक तरुण मुलगी बसली होती, आणि तिच्या हातात दोर होता. दोर खाली येत येत म्हातारीपर्यंत आला. म्हातारी दगडाशेजारी बसली आणि तिनं दोराचं टोक हातात धरलं. चित्र संपलं. राजनंदिनी म्हणाली, "ती तिची लेक आहे. मालिकेत हे फार पुढं सांगतात. मी थोडं आधी घेतलं."

क्रॉप कव्हरसुद्धा हललं नाही. आबा पडद्याकडं बघत म्हणाले, "म्हंजी विषय मधीच बदलला न्हाय."

"न्हाय," सचिव म्हणाले. "पयल्यापास्नं व्हता. नोंद राहिली व्हती."

"कुनाची हरकत?" कुणाचीच नव्हती. इतिवृत्त कायम झालं.

"पर दुरुस्ती केली कुनी?" तात्यांनी विचारलं. "जपाननं?"

"मी केली," राजनंदिनी म्हणाली.

तात्या पूर्ण वळून आबांकडं बघू लागले. "आन ह्या पोरीला तुमी शेतकीला घालताय? अध्यक्ष महाराज, ह्याला माजा जाहीर इरोद हाय."

"त्यो घरचा विषय हाय, कुंडलिक."

"मग ऐनयेळचा विषय म्हनून घ्या," बायकांच्या बाजूनं आवाज आला. आक्का उभ्या राहिल्या होत्या. त्यांनी पदर सारखा केला आणि थेट खुर्चीकडं बघून म्हणाल्या, "माजी सूचना हाय. नंदिनीला पुन्याला जाऊ द्या."

आबा सभेची भाषा विसरले. "आगं, तुला करमंल का?"

"न्हाय करमनार," आक्का म्हणाल्या. पण त्या बसल्या नाहीत. "रोज तिचं ताट घ्याला हात जाईल. तरीबी जाऊ द्या. ती कुठं बसलीया त्ये मला वर बगून कळंल."

सचिवांनी लिहायला घेतलं. "सूचक, सौ. कुशाबाई सर्जेराव. अनुमोदक?"

हॉलमध्ये शंभर हात वर जायला तयार होते, पण सगळे आबांकडं बघत होते. आबा म्हणाले, "माजं अनुमोदन."

"अध्यक्षांना देता येत न्हाय, आबा," सचिव हळू आवाजात म्हणाले. "नियम हाय."

आबा उठले. त्या खुर्चीतून सभा चालू असताना त्यांना उठलेलं कुणी पाहिलेलं नव्हतं. गुडघ्यांवर हात टेकत, खुर्चीला वळसा घालून ते खाली आले आणि सतरंजीवर तात्यांच्या शेजारी बसले. बसायला त्यांना बराच वेळ लागला.

"आता मी सभासद हाय," ते म्हणाले. "ल्ह्या."

ठराव मंजूर झाला. टाळ्या वाजल्या, पेढे निघाले, माणसं उठून पोरीभोवती गोळा झाली. आबा मात्र खालीच बसून होते. राजनंदिनी गर्दीतून वाट काढत आली आणि त्यांना उठवायला तिनं हात पुढं केला. आबांनी तो हात धरला, पण उठण्यासाठी नाही.

"बस हितं जरा," ते म्हणाले. "जायाला आजून दिस हायती."